पंच्याहत्तर मैलांपलीकडे

शरयूताई देवस्थळींना अमेरिकन फुटबॉलमधलं काही म्हणजे काही कळत नव्हतं. ओहायोत येऊन चोवीस वर्षं झाली, तरी हेल्मेटं घातलेले ते आडदांड बाप्ये एकमेकांच्या अंगावर का पडतात आणि पडल्यावर बाकीचे टाळ्या का वाजवतात, याचा त्यांना उलगडा झाला नव्हता. पण २००२ सालच्या त्या हिवाळ्यात गावची टीम घरच्या मैदानावर हरली की त्यांना घोर लागायचा. टीमची इतकी काळजी टीमच्या मालकालासुद्धा नसेल.

कारण होते प्रल्हादराव, त्यांचे यजमान. एप्रिलमध्ये त्यांना अर्धांगाचा झटका आला. उन्हाळाभर व्यायाम करून पाय सावरले, काठी टेकत चालू लागले, पण वाचा गेली ती गेलीच. सगळं कळायचं. चहा देऊ का म्हटलं की मान हलवायचे, नको असेल तर डोळे मिटायचे. शब्द मात्र येत नव्हता. आणि हा माणूस मुळात अबोल असता तर एक वेळ चाललं असतं. प्रल्हादराव म्हणजे बोलण्याची टाकसाळ. महाराष्ट्र मंडळातल्या निम्म्या पोराटोरांना त्यांनी गाडी शिकवलेली, तीही शेजारच्या सीटवरून घसा बसेपर्यंत ओरडून. एकदा बायकोलाही शिकवायला बसले. तिसऱ्या दिवशी शरयूताईंनी भर रस्त्यात गाडी उभी केली, किल्ली त्यांच्या मांडीवर टाकली आणि पायी घरी आल्या. पुढे त्या परक्या माणसाकडून शिकल्या, पण दुकान, दवाखाना आणि त्या जिथे कपडे अल्टर करायच्या ते डिपार्टमेंट स्टोअर, एवढ्यापुरतंच. हायवेचं तोंड त्यांनी चालक म्हणून कधी पाहिलं नव्हतं.

प्रल्हादराव त्यांना 'शरू' म्हणायचे. दिवसातून शंभरदा. चष्मा कुठाय शरू, मीठ कमी आहे शरू. तेव्हा त्या वैतागायच्या. आता घरात नुसता फ्रिजचा आवाज यायचा, आणि त्यांना वाटायचं, एकदा, फक्त एकदा हाक मारू दे. हे त्या कुणाला बोलल्या नाहीत, सिएटलला असलेल्या नेत्रालाही नाही. लेकीला नुकतंच बाळ झालं होतं, तिच्या जिवाला आणखी घोर कशाला, असा विचार.

सप्टेंबरात एका रविवारी त्या ओट्याशी भाजी परतत असताना बाहेरच्या खोलीतून आवाज आला, "पळ!" शरयूताई हातातल्या कालथ्यासकट धावल्या. बाहेर येऊन बघतात तर प्रल्हादराव टीव्हीसमोर खुर्चीच्या टोकावर आलेले, आणि पडद्यावर एक खेळाडू बॉल काखेत मारून सुसाट निघालेला. "पळ, पळ! अरे धर त्याला, गाढवा!" चेहरा लाल, आवाज खणखणीत. मॅच संपली आणि पुन्हा शांत. शरयूताईंनी देवापुढे साखर ठेवली. मग रात्री अंथरुणावर पडल्यावर त्यांना रडू आलं. त्या अनोळखी धटिंगणांना गाढव म्हणायला याच्याकडे शब्द आहेत, आणि मला एक नाही?

त्यानंतर रविवार म्हणजे त्यांचा सणवार झाला. पण लवकरच त्यातली मेख कळली. नियम असा, की घरच्या मैदानावरच्या मॅचची सगळी तिकिटं गुरुवारपर्यंत खपली नाहीत, तर भोवतालच्या पंच्याहत्तर मैलांत ती मॅच टीव्हीवर दाखवायची नाही. लोकांनी घरी सोफ्यावर बसून फुकट बघू नये म्हणून ही शिक्षा. आणि टीम घरच्या मैदानावर अशी काही सपाटून मार खात होती की तिकिटं घेणार कोण? जे जात ते डोक्यावर कागदी पिशव्या घालून बसत, ओळखीच्यांनी पाहू नये म्हणून. ऑक्टोबरात एक मॅच अशी काळोखात गेली, टीव्हीवर आलीच नाही, मग दुसरी. बाहेरगावच्या मॅच तेवढ्या दिसायच्या, आणि त्या दिवशी प्रल्हादराव बोलायचे.

शरयूताई गुरुवारी स्टेडियमच्या तिकीट खिडकीला फोन करू लागल्या. "किती राहिलीत?" त्या विचारायच्या. पलीकडची मुलगी आशेने म्हणायची, "किती देऊ मॅम?" शरयूताई सॉरी म्हणून फोन ठेवायच्या. प्रल्हादरावांना मैदानावर नेण्याचा बेत डॉक्टरांनी एका शब्दात मोडीत काढला होता. त्या थंडीत, त्या पायऱ्या चढून हा माणूस बसणार कसा? रेडिओ लावून पाहिला, तर प्रल्हादरावांनी डोळे मिटले. नेत्रा फोनवर म्हणाली, "आई, जुन्या मॅचची टेप लाव ना." लावली. त्यांनी दोन मिनिटं पाहिलं आणि खुर्ची खिडकीकडे फिरवली. शिळी मॅच त्यांना लगेच ओळखू आली.

डिसेंबर उजाडला तसा दुसरा घोर लागला. बोलणं शिकवणारी थेरपिस्ट कॅरल, स्वभावाने फार गोड बाई, तिने शरयूताईंना बाजूला घेतलं. "माझ्या खोलीत ते एक शब्द बोलत नाहीत. वर्षअखेरीचा रिपोर्ट मला सोमवारी, तेवीस तारखेला लिहायचाय. सुधारणा दिसली नाही तर इन्शुरन्स पुढचे सेशन्स देणार नाही."

"पण ते बोलतात! मॅच बघताना बोलतात," शरयूताई म्हणाल्या.

"मग टेप करून आणा. मी ऐकते, लिहिते. माझीही तीच इच्छा आहे."

टेपरेकॉर्डर घरात होता. पण उरलेल्या दोन्ही मॅच घरच्या होत्या. त्यातली पहिली काळोखात गेली. दुसऱ्या मॅचच्या आधीच्या गुरुवारी खिडकीवरच्या मुलीने आता आवाज ओळखून सांगितलं, "मॅम, हजारोंनी शिल्लक आहेत. कुणी येत नाहीये." ती बिचारी स्वतःच रडकुंडीला आली होती.

शरयूताईंना रात्रभर झोप लागली नाही. सकाळी उठल्या त्या ठरवूनच. त्यांनी ओहायोतल्याच डब्लिनला गिरीशला फोन लावला. गिरीश नागपूरचा, कोलंबसच्या एका कंपनीत कॉम्प्युटरवर. अमेरिकेत आला तेव्हा प्रल्हादरावांनीच त्याला गाडी शिकवलेली. डब्लिन पंच्याहत्तर मैलांच्या पलीकडे होतं. तिथे मॅच दिसणार होती.

"या ना काकू, बिनधास्त या," गिरीश म्हणाला. "पण ड्राइव्ह कोण करतंय? मी ऑन-कॉल आहे यार, नाहीतर घ्यायला आलो असतो."

"आहे एक जण ओळखीचं," शरयूताई म्हणाल्या. खोटं म्हणता येणार नाही.

रविवारी सकाळी त्यांनी मेथीचे ठेपले बांधून घेतले, थर्मासात चहा भरला, प्रल्हादरावांचा सीटचा पट्टा लावला आणि गणपतीचं नाव घेऊन एकाहत्तर नंबरच्या हायवेला लागल्या. उजव्या लेनमधून, अगदी कडेने. मागचे हॉर्न वाजवून वाजवून दमले आणि पुढे निघून गेले. प्रल्हादराव समोर बघत बसले होते. जाताना त्यांनी चकार शब्द काढला नाही. डब्लिनला पोचल्यावर शरयूताईंची बोटं स्टिअरिंगवरून सुटेनात. घ्यायला बाहेर आलेल्या गिरीशने ते पाहिलं आणि त्याचं तोंड उघडंच राहिलं.

घर प्रशस्त होतं, टीव्ही भिंतीएवढा. गिरीशच्या बायकोने, उल्काने, पोहे केले होते. टीव्हीवर पैठणी नेसलेल्या बायका उखाणे घेत होत्या. शरयूताईंनी रेकॉर्डर टीपॉयवर मांडला आणि म्हणाल्या, "लाव रे मॅच."

गिरीशने रिमोट दाबला. मराठी चॅनेल गेलं, हिंदी आलं. हिंदी गेलं, गुजराती आलं. क्रिकेट आलं. मग पुन्हा उखाणे. त्याचा चेहरा उतरला. "काकू... आपल्याकडे डिशचं इंडियन पॅकेज आहे. लोकल चॅनेल्स आम्ही घेतलीच नाहीत. कोण बघतं, म्हणून कॅन्सल केली."

शरयूताई सोफ्यावर बसल्या. ट्रकांच्या मधून जीव मुठीत धरून त्या शंभर मैल आल्या होत्या, आणि अमेरिकेतल्या या घरात अमेरिका तेवढी दिसत नव्हती. "शेजारी विचारू?" उल्का म्हणाली. शेजारी ख्रिसमससाठी गावाला गेले होते. गिरीश किल्ल्या घेऊन धावत सुटला आणि दोन शिंगांचा अँटेना विकत घेऊन आला. तो जोडून, हा कोपरा, तो कोपरा करत, शेवटी उल्काने एका हाताने शिंग धरून ठेवलं तेव्हा चित्र आलं. निम्मी मॅच संपली होती. टीम इतकी मागे पडली होती की समालोचक ख्रिसमसच्या खरेदीवर बोलत होते.

शरयूताईंनी रेकॉर्डरचं बटण दाबलं. सगळे प्रल्हादरावांकडे बघू लागले. पडद्यावर मुंग्या, त्यातून पडणारे उठणारे खेळाडू. प्रल्हादराव बघत राहिले. "काका, बोला ना," उल्का शिंग धरल्या धरल्या म्हणाली. "पळ म्हणा, पळ," गिरीश म्हणाला. लहान पोराला पाहुण्यांपुढे कविता म्हणायला लावावी तसं ते सगळं झालं. प्रल्हादरावांनी एकवार सगळ्यांकडे पाहिलं आणि डोळे मिटून घेतले. शरयूताईंना त्या क्षणी स्वतःचीच लाज वाटली. टेपवर कुकरच्या शिट्ट्या आल्या, समालोचक आले, माणूस आला नाही.

गिरीश राहाच म्हणत होता. पण सकाळी नऊला कॅरलकडे जायचं होतं. निघेपर्यंत अंधारून आलं आणि बर्फाचा बारीक भुगा पडायला लागला. वायपर घासत होते, समोरच्या दिव्यांनी डोळे दिपत होते. शरयूताई गाडी चालवत होत्या आणि मनात हिशेब मांडत होत्या: आता रिपोर्ट जाणार, थेरपी बंद होणार, आणि हंगाम संपला, आता ऑगस्टपर्यंत मॅच नाही. म्हणजे ऑगस्टपर्यंत फ्रिजचाच आवाज. त्यांचे डोळे भरून आले, रस्ता धूसर झाला आणि गाडी हळूच डाव्या लेनकडे सरकू लागली.

"अगं आरसा बघ! डावीकडे ट्रक आहे, ट्रक!"

शरयूताईंनी स्टिअरिंग फिरवलं. भोंगा वाजवत ट्रक बाजूने गेला, सगळी गाडी हादरली. पुढच्याच एक्झिटला त्या बाहेर पडल्या, पेट्रोल पंपावर गाडी लावली आणि शेजारी वळल्या. प्रल्हादरावांच्या कपाळावर घाम होता.

"काय म्हणालात?" त्यांनी विचारलं. "अहो, काय म्हणालात तुम्ही? परत म्हणा." मागच्या सीटवर ठेपल्यांच्या डब्याखालून त्यांनी रेकॉर्डर ओढून काढला, बटण दाबलं, त्यांच्या तोंडापुढे धरला. प्रल्हादराव रेकॉर्डरकडे बघत राहिले. तोंड उघडलं, मिटलं. आठ महिन्यांत त्यांनी कुणाला उद्देशून बोललेलं पहिलं वाक्य हवेत विरून गेलं होतं. शरयूताई स्टिअरिंगवर डोकं टेकून रडल्या, मग हसल्या, मग थर्मासातला चहा दोघांनी एकाच झाकणातून प्याला. घरी पोचेपर्यंत त्यांनी मुद्दामच उजवी लेन सोडली नाही, आणि प्रल्हादराव गप्प राहिले.

सोमवारी कॅरलने दार उघडलं तेव्हा शरयूताई कोट घालूनच उभ्या होत्या. "आज खोलीत नको," त्या म्हणाल्या. "तू माझ्या गाडीत बस. मागे."

कॅरलला वाटलं असणार, बाईंच्या डोक्यावर परिणाम झाला. पण ती बसली. दवाखान्यामागच्या गल्ल्या रिकाम्या होत्या. शरयूताईंनी पहिल्या कोपऱ्यावर इंडिकेटर न देता गाडी वळवली. प्रल्हादरावांचा गुडघा हलला, पण ते बोलले नाहीत. दुसऱ्या कोपऱ्यावर तेच. आरशात कॅरलचा चेहरा दिसत होता, दयेने भरलेला, आणि शरयूताईंना ती दया नको होती. "मिसेस देवस्थळी," कॅरल हळूच म्हणाली, "इट्स ओके. परत जाऊ या."

शरयूताईंनी ऐकलं नाही. तिसरा कोपरा आला. त्यांनी वेग कमी केला, हात मुद्दाम इंडिकेटरच्या दांडीपासून लांब ठेवला आणि गाडी वळवायला घेतली.

"शरू," प्रल्हादराव म्हणाले, "इंडिकेटर!"

गाडी अर्धी वळून थांबली. कॅरल मागून पुढे वाकली. "इंडिकेटर मला कळलं. त्याच्या आधी काय म्हणाले ते?"

"माझं नाव," शरयूताई म्हणाल्या. इंडिकेटर द्यायचा राहिला तो राहिलाच, आणि त्यावरून प्रल्हादराव पुन्हा ओरडले.