बादलीतला हात

किसन कपाशीच्या पऱ्हाटीत पालथा पडला तेव्हा माझा कॅमेरा चालू होता. फवारणीचा पंप पाठीवरून सरकून त्याच्या मानेवर आला होता. तोंडातून फेस येत होता. त्याची बायको रेखा बांधावरून ओरडली, "मावशी, तो कॅमेरा ठेवा न वो! पाय धरा याचे!"

तेव्हा कुठे मी कॅमेरा खाली ठेवला.

मी चौथी शिकलेली. नवरा कळंबला लग्नांची शूटिंग करायचा. तो गेल्यावर कॅमेरा माझ्याकडे आला. लग्नांना कंटाळले, मग शेतमजुरांवर स्वतःची फिल्म करायला घेतली. माझ्या पद्धतीला ऑब्झर्व्हेशनल म्हणतात. समोरच्याला काही विचारायचं नाही, सांगायचं नाही, पुन्हा कर म्हणायचं नाही. तो जगतो तसं टिपायचं. हा नियम मी कडक पाळायची.

त्या वर्षी बोंडअळी होती आणि पऱ्हाटी डोक्याच्या वर गेली होती. दोन औषधं एकत्र करून मारा, असं सांगून शेतमालक निघून गेला होता. रेखा पाणी आणायची, बादलीत दोन्ही औषधं ओतायची आणि कोपरापर्यंत हात घालून ढवळायची. काडीनं ढवळलं तर सालीचा कचरा पंपाच्या तोंडात अडकतो, काम थांबतं. म्हणून हात.

सकाळी किसन हसत होता. "आमाले कोण पाह्यते वो थेटरात?"

"तुले नाही, मले पाह्यतीन," रेखा म्हणाली. "हिरोईन मी आहो. तू निस्ता पंप मार."

दहाच्या सुमारास वारा फिरला. फवारा उलटून किसनच्या तोंडावर यायला लागला. मला कॅमेऱ्यातून स्वच्छ दिसत होतं. शॉट चांगला होता. मी बोलले नाही.

दवाखान्यात डॉक्टर वैतागला होता.

"कोणतं औषध मारलं? नाव सांगा."

"एक पांढऱ्या डब्यातलं," रेखा म्हणाली. "दुसरं लाल झाकणाचं."

"अहो बाई, सगळे डबे तसेच असतात! नाव कळल्याशिवाय मी उतारा कोणता देऊ?"

डबे शेतातच राहिले होते, आणि त्यांवरची नावं इंग्रजीत. रेखाला वाचता येत नव्हती, मलाही नाही. मालक फोन उचलत नव्हता. मी कॅमेरा काढला, सकाळचं शूटिंग मागे नेलं आणि त्याच्यापुढे धरलं. डबे जवळून घेतले होते. डॉक्टरनं नावं वाचली, नर्सला इंजेक्शन सांगितलं. मग पुन्हा पडद्याकडे पाहिलं.

"बादलीत हात कोणाचा आहे हा?"

"हिचाच, याच्या बायकोचा."

आम्ही वळलो तर रेखा भिंतीला टेकून खाली बसली होती. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. इतका वेळ आम्हाला वाटलं ती रडते आहे. डॉक्टरनं तिच्या डोळ्यांत टॉर्च मारला आणि दुसरी खाट मागवली.

"मले काही नाही झालं," ती म्हणत होती. "याले पाहा न."

लोक म्हणतात, तुमच्या शूटिंगनं जीव वाचला. वारा फिरला तेव्हा मी तोंड उघडलं असतं, तर शूटिंग दाखवायची वेळच आली नसती. आता मी बोलते. शॉट खराब होतो, होऊ द्यावा.

किसन तिसऱ्या दिवशी गेला. रेखा जगली.