ज्यांचे खोके आम्ही उघडले नाहीत

"तळापर्यंत काढ," भालेराव सर म्हणाले. "वरवर बघून चालणार नाही."

समोर मादाम रोझलिनचं बॅरल उभं होतं. बॅरल म्हणजे छातीपर्यंत येणारं निळं प्लास्टिकचं पिंप. हैतीची माणसं ते घरात एका कोपऱ्यात ठेवतात आणि जमेल तसं भरत जातात. तांदूळ, तेल, साबण, कपडे. भरलं की इथे अमेरिकेत, आमच्या मॉरिसव्हिलच्या गोदामात आणून देतात. मी झाकण बसवतो, लोखंडी रिंग आवळतो आणि सील लावतो. सील म्हणजे नंबर घातलेली पट्टी, तोडल्याशिवाय निघत नाही. ती माझ्या हातची असली की आतल्या मालाची हमी आमची.

त्या आठवड्यात शिपिंग कंपनीचा निरोप आला होता. इथून सामानात लपवून बंदुका हैतीला जातात आणि तिथल्या टोळ्यांच्या हाती पडतात, म्हणून सील लावण्याआधी प्रत्येक नग उघडून तपासा. प्रत्येक नग असं स्पष्ट म्हटलं होतं. पण सरांनी वाचून दाखवताना म्हटलं, "म्हणजे हैतीवाल्यांचे." मीही मान डोलावली.

सरांना मी उलट विचारत नाही. नववीत शाळा सोडून इथे बहिणीच्या आधाराने आलेल्या माणसाला त्यांनी कामावर घेतलं, फोर्कलिफ्ट शिकवली, थंडीत स्वतःचं जाकीट दिलं. त्यांनी बोलावलं की आजही वाटतं, आता 'उद्यापासून येऊ नको' म्हणतात की काय.

मादाम रोझलिन नर्सिंग होममध्ये म्हाताऱ्यांची सेवा करते. पन्नाशी उलटलेली. मला "माय सन" म्हणते. आम्ही दोघं मोडक्या इंग्रजीत बोलतो, आणि आमचं छान जमतं. मी एकेक वस्तू काढून टेबलावर मांडत होतो आणि ती बघत होती. तिने तेलाच्या बाटल्या टॉवेलात गुंडाळल्या होत्या, मोकळ्या जागेत मोजे कोंबले होते. मग आतले कपडे आले. मी ते पटकन बाजूला सारले. तिने नजर भिंतीकडे वळवली.

तळाशी बुटांचा जोड आणि मधुमेहाच्या गोळ्या होत्या.

"आईचे," ती म्हणाली. "टोळीने वस्ती पेटवली तेव्हा ती चपलेवर पळाली. आता उत्तरेला एका शाळेत राहते. पायाला जखम आहे, साखर आहे, भरत नाही. या ट्रकने जाईल ना?"

"जाईल, मादाम. नक्की जाईल."

तेवढ्यात देशपांडे काका आले. रिटायर्ड इंजिनिअर. कायमचे नाशिकला परत चालले होते, त्यांचे खोके. काकूंनी माझ्यासाठी डब्यात चकल्या पाठवलेल्या.

"काका, तपासायला..." मी सरांकडे बघत पुटपुटलो.

"तपासायला काय, सोनं आहे का त्यात?" काका हसले. "पुस्तकं, भांडी, मुलाच्या गॅरेजमधलं थोडं काहीबाही."

"सील कर रे," सर म्हणाले. "काकांच्या सामानात कसले हात घालतोस!"

मी सील लावलं. वडीलधाऱ्या माणसाला 'उघडा' म्हणायचं, तेही त्यांच्या घरच्या चकल्या हातात घेऊन! मला तर सरांनी नाही म्हटल्याने सुटल्यासारखंच झालं.

काकांनी टेबलावरचा पसारा बघितला. "हैतीची का? तिला विचार, आता बाहेरची फौज उतरलीय म्हणे. बरं वाटत असेल, नाही?"

मी विचारलं. ती तांदळाची पिशवी पिंपात परत ठेवत होती. थांबली नाही.

"माझ्या लग्नाच्या सुमाराला एक फौज आली होती. नवरा गेला तेव्हा दुसरी होती. आता आणखी एक आलीय. आई शाळेच्या फरशीवर झोपते."

"पण एवढ्या बंदुका म्हणजे..." काका म्हणाले.

"आमच्याकडे बंदुका बनत नाहीत, मिस्टर." मग तिने खोक्यांकडे बोट करून मला विचारलं, "यांचं उघडत नाही?"

"ती पुस्तकं आहेत," मी म्हणालो. तिने मान हलवली आणि पिंपाचं झाकण माझ्या हातात दिलं.

आमचा ट्रक आधी किनाऱ्यावरच्या मोठ्या गोदामात जातो. तिथे सगळ्याचा एक्स-रे होतो, मग देशाप्रमाणे माल वेगळा होतो. तिथून फोन आला. एका नगात जिवंत काडतुसं. अख्खा ट्रक रोखलाय.

"तरी मी म्हणत होतो!" सर ओरडले. "कुठलं पिंप?"

पिंप नव्हतं. त्यांनी पाठवलेल्या फोटोत खोका होता. टेप माझ्या हातची, मार्करने लिहिलेलं नावही माझ्याच अक्षरात. देशपांडे, नाशिक.

काका धावत आले. मुलगा रेंजवर नेमबाजीला जातो, त्याची जुनी बॅग चुकून खोक्यात गेली होती. "अरे, विसरून राहिलं रे," ते म्हणाले, आणि खरंच विसरून राहिलं होतं. वकिलाने बोलणी केली, खोका परत आला, काका नाशिकला गेले. पण आमच्या सीलवर आता विश्वास नव्हता. ट्रकमधला प्रत्येक नग पुन्हा उघडला गेला, मादामचं बॅरलही. बोट निघून गेली. पुढची मिळेपर्यंत हैतीतला उत्तरेचा रस्ताही टोळ्यांनी अडवला होता.

बॅरल पोचलं, पण फार उशिरा. मादाम रोझलिन दुसरं बॅरल घेऊन आली तेव्हा मी विचारलं.

"बूट मिळाले," ती म्हणाली. "आईच्या डाव्या पायाची दोन बोटं कापून काढली. पुढे कापूस भरून घालते."

मला वाटलं, आता मला बोल लावेल. तिने स्वतःच रिंग सैल केली आणि बाजूला झाली. "काढ, माय सन. तळापर्यंत."

मी काढलं. तिने एक साबण खाली पडला तो उचलून दिला.

मागे एक काकू खोके घेऊन उभ्या होत्या. सर ऑफिसातून बघत होते.

"काकू, उघडावे लागतील."

"मी काय तुला बंदूकवाली दिसते?"

"नाही काकू. ह्या मादामसुद्धा दिसत नव्हत्या, तरी त्यांचं उघडलं."

काकू पुन्हा आमच्याकडे आल्या नाहीत. सर दोन दिवस घुश्श्यात होते, मग निवळले. आता मी सगळ्यांचे खोके उघडतो. सील लावायला मी पहिल्याच आठवड्यात शिकलो होतो. ते केव्हा लावायचं नाही, हे शिकायला दुसऱ्याच्या आईची बोटं लागली.