कोणालाच न येणारं गणित

ओल्या फडक्यानं फळा पुसला की जो वास येतो, तो कॅनडातल्या माझ्या विद्यापीठातही तसाच येतो. काल तास संपल्यावर मी फळा पुसला आणि थेट अड्याळच्या शाळेत, नववीच्या वर्गात जाऊन पोचले.

गणिताच्या सरांनी मूळ संख्या शिकवल्या होत्या. अकरा-तेरा, सतरा-एकोणीस अशा दोनच्या अंतराच्या जोड्या बघून मी विचारलं, “सर, ह्या जोड्या कधी संपतात का?”

सर खडू ठेवून आमच्याकडे वळले. मग सगळ्या वर्गासमोर म्हणाले, “मले नाही माहीत. विचारून येतो.”

मुलं हसली. मला सरांचीच लाज वाटली.

रविवारी ते एसटीनं भंडाऱ्याला, कॉलेजातल्या एका प्राध्यापकांकडे गेले. सोमवारी वर्गात शिरले ते हातातली छत्रीही खाली न ठेवता. “पोरी, हे कोणालेच माहीत नाही! साऱ्या जगात कोणालेच नाही!”

मी हिरमुसले. एवढं जाऊन सर रिकाम्या हातानं परत आले, असं वाटलं. त्यांचा चेहरा का फुलला होता, हे कळायला मला परदेशी येऊन गणिताच्या संशोधनात कित्येक वर्षं अडखळावं लागलं. गणित कुणी पुरं करून पुस्तकात ठेवलेलं नाही, ही केवढी मोठी बातमी त्यांनी आणली होती!

आज सकाळी मी त्यांना फोन केला. आता ते फार थकलेत.

“त्या जोड्यांचं काय झालं?” त्यांनी विचारलं.

“अजून नाही सुटलं, सर. करून राहिले मी.”

“कर, कर. मले घाई नाही.”