दुपारी पाणी न देणारं घर

वैशाखातल्या दुपारी मूर्तिजापूरकडच्या त्या गावात कुत्रंही जागं नसायचं. खिडक्यांना ओली पोती लावून, दारं लोटून सारं गाव आडवं व्हायचं. जागी राहायची ती एकटी पार्वताबाई. वसरीत बसून तूर पाखडायची, आणि संपली की पाखडलेलीच पुन्हा पाखडायची. डोळा जड झाला की मिरची चोळलेलं बोट पापणीला लावायची. नवरा पुंजाजी, बारा एकर काळी जमीन, गोठ्यात दोन बैलजोड्या. कशाची ददात नव्हती. तरी बाई दुपारी निजत नाही म्हणून गावानं तिला अर्धवट ठरवून टाकलं होतं.

लग्न होऊन आली तो पहिला उन्हाळा. दुपारी डोळा लागला आणि सपन पडलं. दारात डोक्यावरून पदर घेतलेली एक बाई उभी. "गुटभर पानी दे वं माय." उन्हात दारी आलेल्याला नाही म्हणणारं घर वऱ्हाडात कुठं असतं? हिनं गडवा भरून दिला. बाईनं पाणी पिऊन पदर सारला, तर ती मैनाबाई. आतल्या खोलीत घोरत पडलेली हिची सासू.

संध्याकाळी भाकर थापता थापता सासू म्हणाली, "आता तू फेरीतली झाली. दुपारी डोळा लागला का तुले निंघा लागते."

"कोन्ती फेरी, आत्याबाई?"

"नाव घ्याचं नाही तिचं. लोकाइच्या सपनात जाचं, सांगतलं ते आनाचं. मानसाले कळतबी नाही का काय गेलं. आन् हाताले जडपना आला का आपल्या घरची एक पोरगी फेरीले देऊन मोकळं व्हाचं. पानी मांगाचं. तिनं देल्लं का ते आपली झाली." मग भाकर उलथत म्हणाली, "जागी हायेस का सपनात, समजलं नाही तं माठाले हात लावजो. सपनातला माठ वरून कोरडा असते."

त्याच आठवड्यात फेरीनं तिला चांदूर बाजारला तिच्या सख्ख्या भावाच्या, उद्धवच्या सपनात पाठवलं. त्याच्या सपनात बाभळींमधून घरी जाणारी गाडीवाट होती. ती लुगड्यासारखी गुंडाळून आणायची होती, हिनं आणली. बाजाराच्या दिवशी उद्धव बैल विकायला गेला आणि दिवेलागणीला पेठेत उभा राहून येणाऱ्याजाणाऱ्याला विचारू लागला, "माहं घर कोन्तं हो?" अजूनही त्याची बायको त्याला हाताला धरून घरी आणते.

त्या दिवसापासून पार्वताबाई दुपारी निजली नाही.

सासू गेली अठ्ठावन्न साली. शेवटच्या दिवशी सुनेचं मनगट धरून म्हणाली, "ललिताले देजो. तू मांगशीन तं ते नाही म्हननार नाही."

पार्वताबाईची लेक ललिता तेव्हा आठ वर्षांची. जागेपणी हाताला जी सवय, ती सपनातही सुटत नाही, एवढं पार्वताबाईला कळत होतं. म्हणून तिनं पोरीची सवयच मोडली. दुपारी कोणीही येवो, पाणी द्यायचं नाही. पोरीचा हात माठाकडं गेला की मनगटावर पळीचा फटका. शेजारचा जानराव वट्ट्यावरून ओरडायचा, "पुंजाजी, तुया घरी पानी प्याले आधी अर्ज करा लागते काय गा?" पुंजाजी खाली मान घालून बिडी ओढायचा.

पासष्ट साली अकोल्याचे वामनराव मास्तर लेकासाठी ललिताला पाहायला आले, तेही भर दुपारी, स्टेशनपासून पायी. ललिता हाताची घडी घालून समोर बसली. मास्तरांनी दोनदा खाकरून पाहिलं, तिसऱ्यांदा टोपी घातली.

"आई, सारी उमर मले घरातच ठेवतं काय?" ते गेल्यावर ललितानं विचारलं.

"ठेवतो," पार्वताबाई म्हणाली.

पुढच्या वैशाखात तिला हिवताप झाला. "मले निजू देऊ नोको," असं लेकीला बजावलं; पण तिसऱ्या दिवशी दुपारी, रात्रभर उशाशी बसलेल्या लेकीचाही डोळा लागला आणि तिचाही.

पांढरंफटक ऊन. पार्वताबाई आपल्याच दाराच्या बाहेर उभी होती. मानेवर श्वास लागत होता. वळून न पाहताही तो सासूचा आहे हे तिला कळलं. दार उघडून ललिता पुढं आली. पार्वताबाईनं दात आवळले, तरी तोंड आपोआप उघडलं.

"ललिते, गुटभर पानी दे वं."

ललिता माठाकडं गेली. गडवा बुडवला. भरलेला गडवा घेऊन उंबऱ्यापर्यंत आली, आईच्या सुकलेल्या ओठांकडं पाहिलं. मग स्वतःच्या मनगटाकडं पाहिलं.

"दुपारचं पानी नाही भेटत आमच्या घरी," ती म्हणाली आणि दार लावून घेतलं.

"बरं. घरची नाही तं शेजारची," मागून सासू म्हणाली, आणि पार्वताबाईचा दंड धरून तिला शेजारच्या दाराशी नेऊन उभं केलं. जानरावाची सून कुंदा फाल्गुनात लग्न होऊन आलेली, वाटसरूच्या बैलालाही पाणी दाखवणारी पोर. ती हसत दारात आली. पार्वताबाईला सांगायचं होतं, दार लाव, आत जाय. तिनं सारा जीव गळ्यात आणला. बाहेर पडलं ते एवढंच:

"गुटभर पानी दे वं."

"या ना काकू," कुंदा म्हणाली, "थंडगार देतो."

पार्वताबाई जागी झाली ती सरपटत माठापाशी गेली. माठ ओलाचिंब होता. ललिता खाटेशी पेंगत होती. आपली वाचली. पार्वताबाईनं ओला हात तोंडावरून फिरवला आणि कोणाला काही सांगितलं नाही. सांगणार तरी काय?

चौथ्या दिवशी सकाळी विहिरीवर कुंदा आली. डोळ्यांखाली काळं. रोजची बडबड नाही. घागर दोराला बांधताना हळूच म्हणाली, "काकू, दुपारी मी येतो तवा तुमच्या घरचा माठ वरून कोरडा काहून असते वो?"

पार्वताबाईनं अर्धी भरलेली घागर उचलली. घरी जाऊन मिरची चेचली. त्या दुपारपासून तिचं बोट आधी लेकीच्या पापणीला लागायचं, मग स्वतःच्या.