लेण्यातलं टाकं

आमचं गाव मावळात, लेण्यांच्या डोंगराखाली. मी लग्न होऊन आले त्याच उन्हाळ्यात महारवाड्याची विहीर आटली. गावाच्या विहिरीवर कुणाला दया आली तर घागर भरायची, नाहीतर तशीच परत.

धाकटा दीर मुंबईला गिरणीत होता. सुट्टीवर आला तेव्हा सासूला म्हणाला, "आये, वर लेण्यात पाण्याचं टाकं हाय. ती लेणी पांडवांची न्हाईत, बुद्धाच्या भिक्खूंची हायेत. मुंबईत सभेत ऐकलंय मी. टाकं कुणीतरी त्यांना दान दिलेलं. त्यांच्यात शिवाशीव नव्हती."

सासू घाबरली, पण आमच्याबरोबर डोंगर चढली.

टाक्याशी पाटलाचा भाऊ बादलीनं म्हशींना पाणी पाजत होता.

"कुटं निघाली वरात?"

"पाणी न्यायला," दीर म्हणाला. "हे भिक्खूंचं टाकं हाय. समद्यांचं."

"आन बोलावून तुझ्या भिक्खूंना! म्हनावं, महार आलाय." तो खदखदून हसला. "पांडवांनी खोदलंय हे. मागं सर."

म्हशींनी प्यायचं आणि आम्ही मागं सरायचं! माझं डोकं फिरलं. मी वाकले, ओंजळ भरली आणि त्याच्या डोळ्यांदेखत प्याले. त्यानं काठी उगारली. दीर मध्ये आला आणि त्याचं कपाळ फुटलं.

त्याच दिवशी गावानं टाक्यात गोमूत्र ओतलं आणि आमचं बलुतं बंद केलं. दुकानदार मीठ देईना. दीर डोक्याला फडकं बांधून मुंबईला गेला. जाताना सासू त्याच्यावर ओरडली, "तुझं भिक्खू भाकर घालत्यात का रं आमाला?" त्यानंतर ती त्याच्याशी मरेपर्यंत बोलली नाही.

पावसाआधीच आम्ही लोणावळ्याला आलो. नवरा रेल्वेत खलाशी लागला.

काही वर्षांनी पाटलाचा भाऊ वारला. मयताची खबर गावोगाव पोचवणं महारांचं काम, आणि ती पाळी आमच्या घराची, म्हणून गावचा माणूस थेट लोणावळ्याला आमच्या दारात आला. नवरा मुकाट्यानं पायताण घालायला लागला. मी दारात आडवी उभी राहिले.

"त्यांचं मढं, खबर त्यांनीच द्यावी," मी म्हणाले.

"लय माजलीस," माणूस म्हणाला.

"व्हय," मी म्हणाले, आणि दार लावलं.