जिगरला ऊब देताना

कुत्रं सांभाळण्यातलं मला काही कळत नाही, हे सुरतेत सगळ्यांत आधी त्या कुत्र्याला कळलं. मला कळायला आणखी सहा दिवस लागले.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी तेव्हा लूमच्या एका खात्यात मास्तर होतो. (खातं म्हणजे कारखाना, आणि मास्तर म्हणजे लूम बंद पडला की ज्याच्या नावाने हाका मारतात तो. साक्रीकडच्या माझ्या नातेवाइकांची बरीच वर्षं समजूत होती की मी सुरतेत शाळेत शिकवतो. मीही ती मोडली नाही.) खात्याचे मालक हसमुखभाई शेठ, त्यांच्या आई म्हणजे बा, आणि बांचा जीव ज्याच्यात अडकला होता तो जिगर.

जिगर कसल्याशा विलायती जातीचा कुत्रा होता. कानांकडे पाहिलं तर वटवाघूळ, पायांकडे पाहिलं तर हरणाचं नुकतंच जन्मलेलं पिलू. अंगावर केस असे नव्हतेच. देवाने त्याला नुसता रंग दिला होता. त्याला थंडी सोसत नसे. मागच्या हिवाळ्यात त्याची छाती भरली आणि जनावरांच्या डॉक्टरांनी बांना सांगितलं, "या खेपेला वाचला. पुन्हा गारठा बसला तर धडगत नाही."

तर अशा त्या जिवाला ठेवायचं कुठे, हा प्रश्न डिसेंबरात खात्यावर आला. शेठ सगळ्या कुटुंबाला घेऊन दहा दिवस यात्रेला निघाले होते. बा जिगरला शालीत गुंडाळून खुर्चीवर बसल्या होत्या आणि डोळे पुसत होत्या. मी गप्प बसायला हवं होतं. पण मी म्हणालो, "बा, आम्ही साक्रीकडचे. तिकडे थंडीत हंड्यातलं पाणी बोटाला चावतं. सुरतेत कसली आलीय थंडी? मी बैल सांभाळलेत, हा तर एवढासा."

बांनी शाल, कुत्रा आणि एक लांब श्वास असं सगळं माझ्याकडे सोपवलं. "मास्तर, आने साचवजो. मारो जीव छे आ."

नवागामच्या आमच्या खोलीत शिरलो तेव्हा माझी आई तांदूळ निवडत होती. आई सुरतेत वीस वर्षं राहिली, पण बोलली फक्त अहिराणीच.

"हाई काय लई उना रे आंडोर?"

"कुत्रं शे, माय. शेठनं."

आईने चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. "माले ते उंदीर दिखस."

पहिली रात्र मी घोरत काढली. सकाळी उठलो तर कोपऱ्यातून बारीक टणटण ऐकू येत होती. जिगर स्टीलच्या वाटीला टेकून बसला होता आणि त्याच्या थरथरण्याने ती वाटी वाजत होती. सुरतेत थंडी नसते हे माझं म्हणणं खोटं नव्हतं. फक्त ते साठ किलोच्या माणसाचं म्हणणं होतं.

माझी बायको सुमन शिवणकामात हुशार. तिने खात्यातून आणलेल्या साडीच्या तुकड्याचा झकास कोट बेतला. गुलाबी, चमकदार, काठाला जर. तो घालून जिगर आधीपेक्षा जास्त कापायला लागला. आमचं कापड म्हणजे निव्वळ सिंथेटिक. उन्हाळ्यात घाम काढतं आणि हिवाळ्यात वारा आत घेतं. कोट काढताना तर जिगरच्या अंगातून चटचट आवाज झाला आणि त्याच्या पाठीवर जे चार केस होते ते उभे राहिले. अख्ख्या देशाच्या बायकांना साड्या नेसवणारं शहर, आणि त्यात एका वीतभर कुत्र्याला पुरेल एवढं गरम कापड मिळेना.

"तुमचा लोकरी स्वेटर आहे ना," सुमन म्हणाली.

"तो एकच आहे."

"मग? एकच बाही लागणार आहे."

बाही त्याला अगदी मापात बसली. त्या दिवसापासून मी एका बाहीचा स्वेटर घालून कामाला जाऊ लागलो. कारागिरांनी आधी माझ्या हाताला काय झालं म्हणून विचारपूस केली, आणि खरं कळल्यावर दुसऱ्या बाहीत कोणाला ठेवणार म्हणून.

बाहीने अंग झाकलं, पण थरथर जाईना. तेव्हा आईने बाह्या सरसावल्या. (तिच्या दोन्ही होत्या.)

"नवं लेकरू आनि हाई, काहीच फरक नही," ती म्हणाली. "तुले बी मी असंच मोठं करेल शे."

मग आमच्या खोलीत बाळंतपण सुरू झालं. सकाळी लसणाचं कोमट तेल. मग शेगडीवर ओव्याची धुरी. मग आईच्या जुन्या लुगड्याच्या तुकड्यात हातपाय आवळून बांधणं, म्हणजे लेकरू दचकत नाही. जिगर मोठ्या डोळ्यांनी माझ्याकडे बघायचा. त्या नजरेत तक्रार नव्हती, नुसती नोंद होती. तिसऱ्या दिवशी समोरच्या खोलीतल्या ठाकरेकाकू ओव्याच्या वासावर आल्या आणि दारातूनच म्हणाल्या, "अगं सुमन, कळवलं नाहीस ते? मुलगा की मुलगी?"

"कुत्रा," सुमन म्हणाली.

काकूंनी तरीही हातातलं अंगडं-टोपडं देऊन टाकलं. आणलेलं परत कसं न्यायचं, म्हणून.

चौथ्या दिवशी धुराने जिगर शिंकला. एक नाही, सलग सात. मला डॉक्टरांचे शब्द आठवले. कुत्रं मेलं तर बांना काय तोंड दाखवायचं? त्या हळव्या जिवाने माझ्या एका बढाईवर विश्वास ठेवला होता. त्या निराशेत मला जे सुचलं ते इतकं चांगलं होतं की तेव्हाच संशय यायला हवा होता. आमचं खातं! सोळा लूम, सोळा मोटारी, खिडक्या बंद. जानेवारीतही कारागीर तिथे बनियनवर काम करतात.

"तठे आवाज कितला राहस," आई म्हणाली.

"आवाजाने छाती भरत नाही, माय."

डब्याच्या पिशवीतून त्याला खात्यावर नेला. मोटारीमागच्या कोपऱ्यात वेस्टचा टोपला असतो. विणताना तुटलेले, गुंतलेले धागे आम्ही त्यात टाकतो. आठवड्याभरात त्याचा मऊ, फुगीर डोंगर होतो. जिगरने तो हुंगला, नाकाने भोक पाडलं, आत शिरला आणि दिसेनासा झाला. मी हात घालून पाहिलं. तो कापत नव्हता. चार दिवसांत पहिल्यांदा त्याचं अंग स्वस्थ होतं. मला भरून आलं. दोन दिवस मी खात्यात असा वावरलो की जणू लूमचा शोध मीच लावला.

सहाव्या दिवशी दुपारी वेस्टवाला आला. तो आठवड्यातून एकदा पोतं घेऊन येतो, आणि टोपला उचलून पोत्यात रिकामा करायचं काम माझं. सात वर्षांचा हात. डोळे तीन नंबरच्या लूमवर होते, तिथे ताण्याचा उभा धागा तुटला होता. मी टोपला उचलला, पालथा केला, तोंड बांधलं, पोतं त्याच्या खांद्यावर चढवून दिलं. एरवी मी पोतं पायाने दाबूनही देतो. त्या दिवशी टाचेची भेग ठणकत होती म्हणून दाबलं नाही. माझ्या आयुष्यात त्या भेगेइतकं पुण्याचं काम दुसऱ्या कशानेही केलेलं नाही.

जिगर भुंकला असणार. त्या आवाजात हत्ती ओरडला असता तरी पत्ता लागला नसता.

तासाभराने डब्याच्या झाकणात दूध घेऊन गेलो आणि टोपल्याचा तळ दिसला.

खात्यात आम्ही सगळे खुणांनी बोलतो. मी धावत जाऊन डोक्यावर दोन बोटं उभी करून जिगरचे कान दाखवले. खात्यात शेठची खूणही तीच, त्यामुळे कारागिरांना वाटलं, शेठ अचानक परत आले. सगळे एकदम झटून कामाला लागले. एवढं उत्पादन त्या खात्यात एरवी कधी झालं नसेल.

मी घरी पळालो, ते शेजारच्याची मोपेड मागायला. आईने सगळं ऐकलं, मला दोन शब्द ऐकवले (ते इथे लिहीत नाही) आणि तेलाची बाटली कनवटीला खोचली. "चाल. मी बी येस."

"माय, तू कशाला?"

"तू हारपाडानं काम करं. सापडाडानं मी करसू."

पर्वत पाटियाला वेस्टवाल्याच्या गोदामात एक जाडसर गृहस्थ हिशेबाच्या वहीवर भजी खात होते.

"काका, आमच्या पोत्यात कुत्रा आहे."

त्यांनी भजं खाली ठेवलं. "मास्टर, वेस्ट में पत्थर आता है, पानी आता है. कुत्ता पहली बार सुना."

"छोटा आहे हो. शेठचा आहे."

"छोटा है, बड़ा है, टेम्पो तो गया. कडोदरा."

कडोदऱ्यापर्यंतचा रस्ता मी आयुष्यभर विसरणार नाही. हायवेवर ट्रकचा वारा, उघड्या हाताला बोचणारी थंडी (बाही कुठे होती ते आपल्याला माहीत आहेच), मागे आई आणि चढ आला की पॅडल. मला सारखं दिसत होतं, की आता ते पोत्यात गुदमरलं. आता नाही तर उघड्या टेम्पोत गारठलं. मी मनातल्या मनात बांशी बोलायची तालीम करत होतो. पहिल्या वाक्याच्या पुढे एकदाही गेलो नाही.

कडोदऱ्याच्या शेडमध्ये बायका धागे रंगांनुसार वेगळे करत बसल्या होत्या. त्यांच्यामागे पोत्यांची भिंत. सगळी पोती सारखी. मी ओरडलो, "जिगर! जिगर!" बायका हसल्या. पोती गप्प. का बोलतील? सहा दिवसांत त्याने माझ्या हाकेला कधी कान हलवला नव्हता. मी एका पोत्याची गाठ सोडायला घेतली, ती सुटेना. दुसरी घेतली, तीही सुटेना. मग मी तिथेच मटकन खाली बसलो.

"उठ," आई म्हणाली. "पोतं सोडू नको. सांधमाईन हात घाल. जठे गरम लागी, तठेच तो."

मी शिवणीच्या फटीतून एकेका पोत्यात हात घालत गेलो. गार. गार. गार. शेवटून दुसऱ्या रांगेत एका पोत्यात हात गेला आणि भाकरीच्या पदराखाली जावा तसा उबेत गेला. आत काहीतरी धडधडत होतं.

"माय, सापडला!" एवढं मी म्हणालो, आणि तो मला कडकडून चावला.

माणसाला चावून घेतल्याचा एवढा आनंद कधी झाला नसेल. रक्त येत होतं आणि मी हसत होतो. जिगर हिरव्या धाग्यांची टोपी घालून बाहेर आला, तापलेला, ताजातवाना, झोपमोड झाल्यामुळे संतापलेला. आईने तिथल्या तिथे त्याला तेल लावलं.

आनंद सरकारी दवाखान्यापर्यंत टिकला.

"कुत्र्याला टोचलेलं आहे का?" डॉक्टरांनी विचारलं.

"मालक यात्रेला गेलेत."

"मग आजपासून रोज एक, पोटात. आणि कुत्र्यावर दहा दिवस नजर ठेवा. ठणठणीत राहिला तर उरलेली इंजेक्शनं माफ. दगावला, तर मात्र..." त्यांनी पुढचं वाक्य माझ्यावर सोडलं.

म्हणजे बघा. जो कुत्रा दार उघडं राहिलं तर मरू शकतो, त्याच्या जगण्यावर आता माझं जगणं टांगलेलं होतं. घरी गेल्यावर मी माझी गोधडी त्याला दिली. आईची दिली. सुमनची मागितली तेव्हा तिने ती अंगाभोवती आणखी घट्ट गुंडाळून घेतली. पोट सुजलेलं, मांडीवर कुत्रं, त्याचा श्वास मोजत मी बसायचो. तो शिंकला की मला घाम फुटायचा.

दहाव्या दिवशी बा परतल्या आणि त्याला घेऊन गेल्या. डॉक्टरांचे मात्र चारच दिवस झाले होते. चावल्याचं सांगावं, तर हरवल्याचं सांगावं लागणार. म्हणून मी रोज सकाळी इंजेक्शन घेऊन परस्पर शेठच्या बंगल्यावर जाऊ लागलो.

"बा, जिगर बरा आहे ना?"

"मजामां छे. जो ने."

मी त्याचे डोळे बघायचो, जीभ बघायचो, पाणी पितोय ना ते बघायचो, आणि निघायचो. चौथ्या सकाळी बांनी पदर डोळ्यांना लावला आणि शेठना म्हणाल्या, "हसमुख, जो. केटलो बधो प्रेम! सगा दीकरा पण रोज मोढुं जोवा नथी आवता." (सख्खे मुलगेही रोज तोंड बघायला येत नाहीत, म्हणे.) शेठनी मान खाली घातली. मी पण घातली.

दहा दिवस पुरे झाले, इंजेक्शनं सुटली, आणि मी बंगल्यावर जायचं बंद केलं. दुसऱ्याच दिवशी शेठचा ड्रायव्हर खात्यावर आला. जिगरने सकाळपासून काही खाल्लं नव्हतं. दाराशी बसून होता. बा म्हणत होत्या, मास्तरची वाट बघतोय.

मी गेलो. मला पाहताच त्याने शेपूट हलवली. धावत आला, माझ्या मांडीवर चढला, पोटाशी अंग घासून गोळा होऊन बसला. पोट अजून दुखत होतं, पण मी हललो नाही. मला पहिल्यांदाच स्वतःची खरीखुरी लाज वाटली. मी त्याच्याकडे फक्त माझ्या जिवासाठी येत होतो, आणि हा वेडा जीव माझ्यासाठी उपाशी. त्याला पोत्यातून ज्या हाताने काढला होता, तोच हात मी प्रेमाने त्याच्या तोंडाजवळ नेला.

दवाखान्यात डॉक्टरांनी हातावरच्या ताज्या पट्टीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि काही न विचारता नवा कागद काढला.