स्क्रममधली शेजारीण

इंदापूरच्या मेडिकलमध्ये दुखण्यावरच्या मलमाचा वास आला, की मला शिबिरातली ती सकाळ आठवते. भारताच्या रग्बी संघात मी प्रॉप होते. स्क्रममध्ये पहिल्या रांगेत वाकून समोरच्या संघाला रेटायचं, हे माझं काम. शेजारी बारामतीची सुरेखा असायची. रेटताना मानेतून कळ जाऊन हाताला मुंग्या येतात, हे मी फक्त तिलाच सांगितलं होतं.

"न्हाय सांगत कुणाला," ती म्हणाली होती.

त्या सकाळी प्रशिक्षक म्हणाले, "मान तपासून घे. सुरेखानं सांगितलंय." ती ओल्या गवतावर बसून खाली मान घालून बुटाची नाडी बांधत राहिली. माझा खेळ तिथंच संपला.

तिच्यामुळं तुमची मान वाचली, असं डॉक्टर म्हणतात. असेलही. पण तिनं आधी मला सांगितलं असतं, तर आज तिचा फोन मी उचलला असता.